टिपणीस शिडी चढतात

“अवनी, तुझ्या बाबांना सांग, चहा निवतोय.”

बाबा टेबलाच्या त्या टोकाला, माझ्यापासून हातभर अंतरावर. मध्ये अवनी, कॉर्नफ्लेक्स चिवडत. तिनं मान वर न करता निरोप पोचवला. “बाबा, युअर टी इज गेटिंग कोल्ड.”

“आईला विचार, साखर घातलीय का.”

“आई, शुगर?”

“घातलीय म्हणावं. ढवळायचे कष्ट मात्र स्वतः घ्यायचे.”

“आय ॲम नॉट सेइंग ऑल दॅट,” अवनी म्हणाली आणि बाबांच्या कपातला चमचा तिनंच फिरवला. अकरा वर्षांची पोर, पण त्या दिवसांत शारजाच्या आमच्या त्या घरात शहाणी अशी तीच एक होती.

अबोल्याचा तो बारावा दिवस. मार्च नव्याण्णव. आमच्या माहेरी अबोला धरायचा तर नीट धरतात. माझी आई अबोल्यातसुद्धा नानांना, म्हणजे माझ्या वडिलांना, गरम पोळीच वाढायची, फक्त ती वाढायची नाही, ताटात टाकायची. मी तिचीच लेक.

सदानंद टिपणीस हे माझे यजमान. लग्नाला तेरा वर्षं झाली तरी मनातल्या मनात मी त्यांना टिपणीसच म्हणते, कारण माणूस नखशिखांत टिपणीस आहे. जबल अली बंदरातल्या एका गोदामात पंपांच्या सुट्या भागांचे स्टोअरकीपर. पहाटे साडेपाचला कंपनीची बस, संध्याकाळी शारजाच्या ट्रॅफिकमध्ये दोन तास, सातला घरी. चष्मा, खिशाला पेन, पेनाला टोपण. कुणी चिठ्ठी घेऊन आलं की वस्तू काढून द्यायची, सही घ्यायची, पुढची चिठ्ठी. का पाहिजे, खरंच पाहिजे का, हे विचारायचं नाही. घरीही तेच. एकदा मी चिडून म्हटलं, “मला एक दिवस तरी या स्वयंपाकघरातून सुट्टी हवी,” तर पुढच्याच शुक्रवारी हे सकाळी सहाला उठून कांदा चिरत उभे. बरं, सांगायचं तरी! तेही नाही.

अबोल्याचं कारण मला जुलेखाकडून कळलं. जुलेखा समोरच्या फ्लॅटमधली, दापोलीची. तिचा नवरा टिपणिसांच्याच कंपनीत ड्रायव्हर. ती दारात उभी राहून माझ्या हॉलच्या पडद्यांकडे बघत म्हणाली, “भाभी, तुम्ही जाताना हे पडदे मला द्याल ना? आणि मिक्सर कुणाला बोलला नसाल तर तोपण.”

“मी कुठे चाललेय?”

“या अल्ला! टिपणीसभाईंनी फारम भरलाय ना हापिसात? तुमचा न् पोरीचा व्हिसा कॅन्सल करायचा म्हणून?”

गल्फमध्ये कुणी कायमचं निघालं की शेजारणी त्याच्या भांड्याकुंड्यांवर डोळा ठेवतात, त्यात वाईट काही नाही, मीही ठेवलेला आहे. पण आपण निघालोय हे आपल्याला पडदे मागणारीनं सांगावं? संध्याकाळी टिपणीस आले. मी विचारलं, “खरं का?” तर बूट काढता काढता म्हणाले, “हो. कोथरूडच्या फ्लॅटचा ताबा मिळाला ना. अवनीची परीक्षा झाली की तुम्ही दोघी जा. शनिवार वीस तारखेला पासपोर्ट ऑफिसात द्यायचेत.”

एवढंच. जणू वॉशरचा खोका पाठवायचा होता. मला जायचंय का, हा प्रश्न नाही. तुम्ही गेल्यावर मला करमणार नाही, असं एक खोटं वाक्यसुद्धा नाही. मला इथे बालवाडीत नोकरी होती, मंडळ होतं, मैत्रिणी होत्या. आणि खरं सांगायचं तर मला हा माणूस सोडून कुठेही जायचं नव्हतं. पण ते मी का सांगू? त्यांनी म्हणावं ना, राहा म्हणून! मी तोंड मिटलं. त्यांनी दोन दिवस वाट पाहिली आणि त्यांनीही मिटलं. त्यांना काही फार फरक पडला नसावा.

आणि नेमकं त्याच वर्षी आमच्या महाराष्ट्र मंडळाच्या पाडव्याला मुकं नाटक बसवलं होतं, आणि त्याची नायिका मी.

ही अक्कल रामचंद्रकाकांची. रामचंद्र सावंत मूळचे वेंगुर्ल्याचे, दुबईत तीस वर्षं एसी दुरुस्त करतात आणि मंडळाची नाटकं बसवतात. आदल्या वर्षीच्या नाटकात माइक बंद पडला, दोघं वाक्यं विसरले, आणि आमच्या पोरांनी शेवटी विचारलं, व्हॉट वॉज द स्टोरी? काका संतापले. “खलास! यंदा एकही वाक्य नाही. पाठ करू नका, बोलू नका, नुसते पडा.” मग त्यांनी आम्हा सगळ्यांना घरी बोलावून व्हीसीआरवर जुने मुके विनोदी सिनेमे दाखवले. कुणी इंग्रज साहेब कायमचा मायदेशी चालला होता, त्याचा एसी उतरवायला काका गेले आणि टाकून दिलेल्या कॅसेटींचं खोकं घेऊन आले.

ते सिनेमे मला फार आवडले. पांढऱ्या चेहऱ्याचा, डोळ्यांत काजळ घातलेला एक किडकिडीत तरुण, हातात चार फुलं. त्याला एका मुलीला भेटायचंय, एवढीच गोष्ट. पण मध्ये ओला रंग दिलेलं बाक, बादली, कुत्रा, पोलीस आणि मुलीचा बाप. वीस मिनिटांत तो तेवीस वेळा पडला आणि प्रत्येक वेळी उठून आधी फुलं नीट केली. हसून हसून आमची पोटं दुखली. काकांनी कॅसेट थांबवली. “बघितलंत? आपण हसतोय, तो हसतोय काय? एकदाही नाही. त्याला कसलं हसू? त्याला पोरगी गाठायची आहे, आणि मेलं जग मध्ये येतंय. जो हसवायला पडेल त्याला मी नाटकातून काढीन.”

सगळे हसत होते तेव्हा टिपणीस मात्र खुर्चीच्या काठावर पुढे सरकून बसले होते. “याला लागलं असेल हो,” एवढंच म्हणाले. त्यांच्याकडे काकांनी सामानाचं खातं दिलं होतं. शिडी एक, छत्री एक, बॅग एक. दर शुक्रवारी तालमीला हे कोपऱ्यात यादी घेऊन बसायचे.

तर त्या बाराव्या दिवशी, चहा पिऊन आम्ही एकमेकांशी न बोलता एकाच टॅक्सीनं तालमीला गेलो. तालीम माझ्याच बालवाडीच्या अंगणात असे. तिथे रामचंद्रकाका डोक्याला हात लावून बसलेले.

“गो बाय, हिरो गेला! वेदांगला कंपनीनं मस्कतला पिटाळलं. पंधरा दिवस. प्रयोग आठ दिवसांवर, आता मी काय करू?”

वेदांग म्हणजे आमचा नायक, बँकेत कामाला असलेला, उंच, देखणा मुलगा. नाटकाचा सगळा भार त्याच्यावर होता. शिडीचा प्रवेश तर त्याचाच. मी माडीच्या खिडकीत, बाप घरात झोपलेला, आणि हा खाली शिडी लावून मला पळवून न्यायला आलेला. मी वरून रुमाल टाकते, टोपी टाकते, छत्री टाकते, पातेली टाकते. तो प्रत्येक वस्तू झेलतो आणि प्रत्येक वेळी पडतो. शेवटी बॅग. ती झेलली की मी उतरते, आम्ही पळतो, आणि बाप, म्हणजे स्वतः काका, काठी घेऊन मागे लागतात.

काका दोघातिघांना शिडीवर चढवून पाहत होते. कुणी पडायला घाबरत होतं, कुणी पडण्याआधीच हसत होतं. काकांनी स्वतःच करून दाखवायला घेतलं तसा कोपऱ्यातून आवाज आला. “वेदांग दुसऱ्या पायरीवरून पडत होता, तिसऱ्या नाही.”

टिपणीस. यादी हातात.

“आणि छत्री उजव्या हातात झेलत होता. डाव्या हातात टोपी असते.”

काकांनी त्यांच्याकडे एकदा नीट बघितलं. “तू पड बघू.”

“मी?”

“तूच. यल्ला, चल.”

टिपणिसांनी यादीची घडी करून खिशात ठेवली. चष्मा काढून अवनीकडे दिला. मला वाटलं, आता आमची शोभा होणार. मी मख्ख चेहऱ्यानं माडीवर, म्हणजे तीन बाकांच्या मचाणावर, जाऊन उभी राहिले आणि छत्री फेकली.

त्यांनी ती झेलली, झेलल्याचं समाधान चेहऱ्यावर यायच्या आतच पाय सटकला आणि सरळ बसकण मारली. मग उठले, पँट झटकली, छत्री मोडली नाही ना ते उघडून बघितलं, मिटली, आणि पुन्हा पहिल्या पायरीवर पाय ठेवला. चेहरा असा, की गोदामात कुणी चुकीच्या नंबरचा व्हॉल्व्ह आणून दिलाय. अंगणात हास्याचा स्फोट झाला. काका तर भिंतीला टेकून रडायला लागले. आणि मला, काय सांगू, मला इतकं हसू आलं की खिडकी म्हणून लावलेली चौकट धरून मी खाली बसले.

टिपणिसांनी वर पाहिलं. बारा दिवसांत पहिल्यांदा सरळ माझ्याकडे.

परतताना टॅक्सीत अवनी म्हणाली, “आई, यू लाफ्ड. दॅट काउंट्स ॲज टॉकिंग.”

“अजिबात नाही. हसणं वेगळं, बोलणं वेगळं.”

“ओके. बाबा, आई सेज लाफिंग इज अलाउड.”

“तिला म्हणावं, थँक्यू,” टिपणीस खिडकीबाहेर बघत म्हणाले.

आठ दिवसांत सराव व्हायचा तर घरी करणं भाग होतं. मग रोज संध्याकाळी टिपणीस बसमधून उतरून यायचे, हातपाय धुवायचे, आणि मी पलंगावर उभी राहून त्यांच्या अंगावर सामान फेकायची. अवनी तिच्या कॅसिओवर धावपळीचं संगीत वाजवायची, नाटकातही तीच वाजवणार होती. बोलायचं नाही हे दोन्हीकडून ठरलेलंच, त्यामुळे तालीम अगदी कडक. त्यांनी टोपी उचलली की मी फेकायचं, एवढी एकच खूण. दुसऱ्या दिवशी उशा उडत असताना जुलेखा धावत आत आली. तिनं मला पलंगावर बघितलं, जमिनीवर पडलेल्या टिपणिसांना बघितलं, “भाभी, तौबा करा, मर्द माणूस मरेल!” असं ओरडली, आणि जाता जाता मिक्सर तेवढा उचलून सुरक्षित जागी, म्हणजे स्वतःच्या घरी, घेऊन गेली.

मी राग राखून होते हं. उशा फेकताना जरा जोरातच फेकत होते. पण एक गोष्ट माझ्या लक्षात यायला लागली. झेलायचं तर बघावं लागतं. तेरा वर्षं हा माणूस पेपरात, बिलांत, बातम्यांत बघत माझ्याशी बोलला होता. आता बोलत नव्हता, पण रोज तासभर हात पसरून, मान वर करून माझ्या हाताच्या प्रत्येक हालचालीकडे बघत उभा राहत होता. बुधवारी माझा नेम चुकला आणि स्टीलचं पातेलं त्यांच्या कपाळावर लागलं. माझ्या तोंडून ‘अहो’ निघता निघता मी ओठ चावला. त्यांनी कपाळ चोळलं, पातेल्याला पोचा आलाय का ते पाहिलं, आणि हाताच्या खुणेनं मला सांगितलं की ठीक आहे, पुढचं फेक.

त्या रात्री मी कपाटातले आमचे दोन पासपोर्ट काढून बघितले आणि पुन्हा ठेवले. शनिवार तीन दिवसांवर आला होता. मला वाटलं होतं आता तरी हा काही बोलेल. शुक्रवार सकाळपर्यंत हा काही बोलला नाही. नाटकासाठी आमचीच मोठी निळी बॅग त्यानं रिकामी करून, पुसून, यादीत लिहून घेतली. ती बॅग आम्ही पुण्याला न्यायची म्हणून माळ्यावरून काढलेली. बघून माझं डोकंच फिरलं.

दुबईतल्या एका शाळेच्या हॉलमध्ये शुक्रवारी दुपारी चारला प्रयोग. हॉल भरलेला. नऊवारी, नथी, परफ्यूमचा घमघमाट, आणि पोरांचा इंग्रजीतून गलका. टिपणिसांच्या चेहऱ्याला काकांनी पांढरा रंग फासला, काळी मिशी डिंकानं चिकटवली, डोळ्यांत काजळ घातलं. डोक्यावर टोपी, अंगावर दोन मापं मोठा कोट. मी झालरीचा फ्रॉक घातलेला, आयुष्यात प्रथमच केस कुरळे केलेले. विंगेत आम्ही शेजारी उभे. ते यादीतल्या वस्तू पुन्हा पुन्हा बोटांवर मोजत होते. मला वाटत होतं हात धरावा, पण धरला नाही.

पहिले प्रवेश झकास गेले. ओल्या रंगाच्या बाकावर ते बसले, उठले, बाक त्यांच्याबरोबर उठलं. बादलीत पाय गेला, तो पाय तसाच घेऊन त्यांनी मला नमस्कार केला. पोरं खुर्च्यांवर उभी राहून ओरडायला लागली. “हूज दॅट? हूज दॅट?” अवनी कॅसिओवरून मान वर करून प्रत्येकाला सांगत होती, “दॅट्स माय फादर!”

मग शिडी. अ‍ॅल्युमिनियमची, काकांच्या एसीच्या कामाची. मी खिडकीत. त्यांनी टोपी उचलली, मी रुमाल टाकला; पडले. दुसरी टोपी टाकली, पडले. छत्री, पातेली, सगळं ठरल्याप्रमाणे. त्यांनी पुन्हा डोक्यावरची टोपी उचलली आणि मी निळी बॅग फेकली.

बॅग त्यांनी छातीवर झेलली. पडायचं होतं, पडले. उठले. आता बॅग खाली ठेवून त्यांनी शिडी धरायची आणि मी उतरायचं. मी एक पाय खिडकीबाहेर काढला.

पण ते बॅग ठेवीनात. बॅग उराशी धरून तिच्याकडे बघत उभे. कॅसिओ वाजतोय, विंगेत रामचंद्रकाका काठी घेऊन तयार. मला वाटलं विसरले. मी डोळे वटारले. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मग बॅग खांद्यावर घेतली आणि शिडी चढायला लागले. एकेक पायरी. कोट बाकाला चिकटून फाटलेला, टोपी तिरकी. वर आले, माझ्या शेजारून बॅग खिडकीतून आत सरकवली, टोपी उचलून मला नमस्कार केला, आणि खाली उतरून जागेवर जाऊन उभे राहिले.

हॉलमध्ये हशा. मी गोंधळले. विंगेतून काका दबक्या आवाजात, “फेक गो, परत फेक!” मी बॅग फेकली. त्यांनी झेलली, पडले, उठले, आणि पुन्हा शिडीवर.

आता लोक ताल धरून टाळ्या वाजवायला लागले होते. त्यांचा गुडघा फुटला असावा, पँटवर ओला डाग दिसत होता. वर आले, बॅग आत सरकवली. या वेळी तिच्यावर थोपटलं. मी तिसऱ्यांदा फेकली, पण खरं सांगते, या वेळी हळूच फेकली, कारण हळूहळू डोक्यात उजेड पडत होता. हा माणूस विसरला नव्हता. हा माणूस नाटकच करत नव्हता. पांढऱ्या रंगातून घाम ओघळत होता, मिशी एका बाजूनं लोंबत होती, आणि जगात दुसरं काहीच महत्त्वाचं नसल्यासारखा तो माझी बॅग घेऊन तिसऱ्यांदा वर येत होता. शेवटच्या पायरीवर जरा थांबला. दम लागलेला. बॅग त्यानं पुढे केली, पण सोडली नाही. मी घ्यायची वाट बघत राहिला.

मी बॅग घेतली. आत ठेवली. त्यांची कॉलर धरून त्यांनाही खिडकीतून आत ओढलं, आणि खिडकी लावून घेतली.

हॉल डोक्यावर घेतला लोकांनी. अवनीनं धावपळीचं संगीत सोडून लग्नाचा बँड वाजवायला घेतला, तिला कुणी सांगितलं नव्हतं. रामचंद्रकाका काठी घेऊन रंगमंचावर धावले, तर पळायला कुणीच नाही. बिचारे दोन चकरा मारून बंद खिडकीसमोर उभे राहिले आणि शेवटी त्यांनी प्रेक्षकांना नमस्कार केला.

पाचवी ‘ब’चा वर्ग म्हणजे आमची ग्रीन रूम. टिपणीस एका बुटक्या खुर्चीवर गुडघा धरून बसले होते. मी बाटलीतल्या पाण्यानं जखम धूत होते. बाहेर कुणाचं तरी भाषण चाललं होतं.

“अनू,” ते म्हणाले. “बॅग रिकामी होती. मीच रिकामी केली होती. तरी हातात आली आणि जड लागली. नेववेना.”

“मग फॉर्म कशाला भरलात?”

“तूच म्हणाली होतीस.”

“मी? कधी?”

“नाना गेले तेव्हा. चौऱ्याण्णवच्या ऑगस्टात. तू वेळेवर पोचली नाहीस. परत आल्यावर विमानतळावरच म्हणालीस, मला नाही राहायचं या वाळवंटात, मला घरी न्या. तेव्हा घर नव्हतं. म्हणून मग कोथरूड. मला वाटलं, उशीर झाला, पण झालं एकदाचं.”

पाच वर्षं! माझे वडील गेले म्हणून रडत बोललेलं एक वाक्य या माणसानं पाच वर्षं खिशात ठेवलं होतं, ओव्हरटाइम केले होते, हप्ते भरले होते, आणि ते पुरं करून माझ्यापुढे ठेवलं होतं. आणि मी त्याच्या ताटात पोळ्या टाकत होते.

“अहो, त्याला पाच वर्षं झाली! माणूस रागात बोलतो, दुःखात बोलतो. परत एकदा विचारायचं नाही? मी काय पंपाचा वॉशर आहे?”

“तू बोलेनाशी झालीस तेव्हा वाटलं, उशीर केला म्हणून रागावलीस.”

मला हसावं की रडावं कळेना. दोन्ही झालं. त्यांनी गळ्यातला टॉवेल माझ्याकडे केला, तो पांढऱ्या रंगानं भरलेला, मग माझंही तोंड पांढरं.

“आता विचारतो,” ते म्हणाले. उठून उभे राहिले, लंगडत. “तुला इथे राहायचंय?”

मी, जिच्या तोंडाला मंडळाचा अध्यक्ष घाबरतो ती मी, नुसती मान हलवली.

“नाही. खुणा नकोत. मागच्या वेळी माझी चूक झाली. नीट बोलून सांग.”

“राहायचंय,” मी म्हणाले. “तुमच्याजवळ राहायचंय.”

“बरं,” टिपणीस म्हणाले, आणि त्याच टॉवेलानं माझं तोंड पुसायला लागले.

दारात अवनी उभी होती. “फायनली! सो आय ॲम नॉट द पोस्टमन एनी मोर?”

घरी जायला रामचंद्रकाकांची डबल केबिन पिकअप. पुढे अवनी आणि काका, मागे आम्ही. काका पहिली दहा मिनिटं करवादत होते. “तीस वर्षांत माझी एण्ट्री कुणी खाल्ली नव्हती! मेल्या, आधी सांगायचंस तरी!” मग म्हणाले, “पण पडलास बरा.” शारजाच्या रस्त्यावर पोचलो तर पुढे लाल दिव्यांची रांग, गाड्या जागच्या जागी. मिशी अजून निघाली नव्हती, डिंक चांगला होता. शेजारच्या टॅक्सीतला पठाण ड्रायव्हर टिपणिसांकडे बघून हसत होता. टिपणिसांनी टोपी उचलून त्याला सलाम केला.

“फॉर्मचं काय?” मी विचारलं.

“उद्या परत मागून घेतो.”

“आणि त्यांनी काही विचारलं तर?”

“सांगेन, बायकोला विचारायचं राहिलं होतं.”

मग हा माणूस बोलायला लागला. मी त्यांना इतकं बोलताना कधी ऐकलं नव्हतं. आम्ही गेल्यावर जबल अलीत चौघांच्या खोलीत राहायचं ठरवलं होतं, खिडकीजवळची कॉट सांगून ठेवली होती, बाकीचे तिघं केरळचे होते आणि बरे होते. स्वतःचं स्वतः जेवण करायचं म्हणून एक कुकर आणला होता. छोटा, दीड लिटरचा. तो घरी आणला नाही, स्टोअरमध्येच ठेवला होता.

“मला न सांगता?”

“तुला वाईट वाटेल म्हणून. सवय असावी म्हणून दुपारी करून बघितलं. हीटरवर. तीनदा भात लावला.”

“जमला?”

त्यांनी चष्मा काढला, कोटाच्या टोकानं पुसला, पुन्हा घातला. पुढची गाडी फूटभर सरकली आणि थांबली.

“तिन्ही वेळा उरला,” ते म्हणाले. “कमी कमी तांदूळ घेतले, तरी उरला. एका माणसाचा अंदाजच येईना गं.”